विश्लेषण : पंढरपुरातले दहा दिवस… साने गुरुजींच्या उपोषणाने नेमके काय बदलले?

पंढरपुरात विठ्ठल मंदिराच्या महाद्वारासमोर, नामदेव पायरीजवळ संत चोखामेळा यांची समाधी आहे. आज येणारा वारकरी तिथे माथा टेकतो आणि पायरी ओलांडून पुढे दर्शनाला जातो. १९४७ पर्यंत मात्र अस्पृश्य मानल्या गेलेल्या वारकऱ्यांची वारी याच समाधीपाशी संपत असे. पायरीपुढे जाण्याची मुभा त्यांना नव्हती. ही अट मोडावी म्हणून १ मे १९४७ रोजी एक माणूस पंढरपुरात उपोषणाला बसला. त्याचे नाव पांडुरंग सदाशिव साने. महाराष्ट्र त्यांना ‘श्यामची आई’चे लेखक म्हणून ओळखतो, पण सोलापूर जिल्ह्याच्या इतिहासात त्यांचे स्थान या दहा दिवसांमुळे आहे. अमेरिकेत कृष्णवर्णीयांची नागरी हक्कांची चळवळ जगभर गाजू लागली, त्याच्या आठ वर्षे आधीची ही घटना आहे.

साने गुरुजींची जडणघडण कशी झाली?

साने गुरुजींचा जन्म २४ डिसेंबर १८९९ रोजी रत्नागिरी जिल्ह्यात दापोलीजवळच्या पालगड या गावी झाला. घराणे खोतांचे. एकेकाळी सुस्थितीत असलेले हे घर वडील सदाशिवराव यांच्या काळात उतरंडीला लागले आणि पांडुरंगाचे बालपण ओढगस्तीत गेले. आई यशोदाबाई यांच्या संस्काराचा ठसा मात्र त्यांच्यावर जन्मभर राहिला.

‘श्यामची आई’मधला एक प्रसंग या विषयाशी थेट जोडलेला आहे. डोक्यावरची लाकडाची मोळी पडलेली एक म्हातारी महार बाई रस्त्यात अडून बसलेली असते. शिवायचे नाही म्हणून कुणी मोळी उचलून देत नाही. आई श्यामला सांगते की जा, तिला मोळी उचलून दे आणि मग घरी येऊन आंघोळ कर. त्या काळच्या कोकणातल्या ब्राह्मण घरात एवढे सांगणेही धाडसाचे होते. तरीही आंघोळ चुकत नव्हती, म्हणजे विटाळाची कल्पना जागेवरच होती. आईच्या दयेला जिथे रूढीची मर्यादा पडली, तिथून पुढचे पाऊल मुलाने पंढरपुरात टाकले.

शिक्षणासाठी त्यांनी पालगड, दापोली, औंध आणि पुणे अशी वणवण केली. कधी दुसऱ्याच्या आधारावर, कधी अर्धपोटी राहून ते शिकले. १९१७ मध्ये आई गेली तेव्हा ते शिक्षणासाठी दूर होते. ती खंत त्यांना आयुष्यभर पुरली. पुण्यात मराठी आणि संस्कृत घेऊन त्यांनी बी. ए. केले. पुढे तत्त्वज्ञानाच्या अभ्यासासाठी ते खानदेशात अमळनेरच्या तत्त्वज्ञान मंदिरात गेले आणि एम. ए. झाले.

शिक्षक तुरुंगात कसा पोहोचला?

१९२४ मध्ये ते अमळनेरच्या शाळेत शिक्षक झाले आणि वसतिगृहाची जबाबदारीही त्यांच्याकडे आली. वसतिगृहातल्या मुलांच्या खोल्या झाडणे, कपडे धुऊन घड्या घालणे, आजारी मुलाच्या उशाशी रात्र काढणे हे सारे ते स्वतः करत. मुलांसाठी ते रोज हाताने लिहिलेले एक दैनिक काढत. ‘गुरुजी’ ही ओळख त्यांना इथेच मिळाली.

१९३० मध्ये मिठाचा सत्याग्रह सुरू झाला तेव्हा त्यांनी नोकरी सोडली. त्याच वर्षीच्या मे महिन्यात सोलापूर शहर पेटले होते. इंग्रज सरकारने इथे लष्करी कायदा पुकारला आणि जानेवारी १९३१ मध्ये मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकिसन सारडा यांना येरवड्यात फाशी दिले. गुरुजी तेव्हा खानदेशातल्या लढ्यात होते.

धुळे, त्रिचनापल्ली, नाशिक असे तुरुंग त्यांच्या वाट्याला आले. १९३२ मध्ये धुळ्याच्या तुरुंगात विनोबा भावे दर रविवारी गीतेवर बोलत. १८ रविवारची ती प्रवचने गुरुजींनी लिहून घेतली. आज घरोघरी असलेले ‘गीता प्रवचने’ हे पुस्तक त्यांच्या त्या टिपणांमुळे आपल्यापर्यंत आले. त्रिचनापल्लीत दक्षिणेतल्या सत्याग्रहींच्या सहवासात ते तमिळ शिकले. फेब्रुवारी १९३३ मध्ये नाशिकच्या तुरुंगात अवघ्या पाच दिवसांत त्यांनी ‘श्यामची आई’ लिहून काढली.

तुरुंगाबाहेर आले की ते शेतकरी आणि गिरणी कामगारांमध्ये असत. १९३६ मध्ये खानदेशात फैजपूर इथे काँग्रेसचे खेड्यात भरलेले पहिले अधिवेशन झाले. त्यासाठी त्यांनी गावोगाव पायपीट केली. १९४२ च्या आंदोलनात ते भूमिगत राहिले आणि पुढे पकडले गेले. तुरुंगातून सुटले तेव्हा स्वातंत्र्य दृष्टिपथात आले होते. बहुतेक नेते सत्तांतराच्या वाटाघाटींकडे डोळे लावून असताना गुरुजींना एक प्रश्न सतावत होता. आपल्याच देवळात आपल्याच माणसांना जाता येत नसेल तर हे स्वातंत्र्य कुणाचे?

मंदिर कुणासाठी आणि कशामुळे बंद होते?

विठ्ठल हा सर्वांचा देव, अशी वारकरी संतांची शिकवण. चोखामेळा मूळचे महार, सोलापूर जिल्ह्यातल्या मंगळवेढ्याचे रहिवासी. त्यांच्या पत्नी सोयराबाई, बहीण निर्मळा आणि मुलगा कर्ममेळा या सगळ्यांनी अभंगरचना केली. चौदाव्या शतकात मंगळवेढ्यात बांधकाम चालू असताना भिंत कोसळून चोखोबांचा मृत्यू झाला. नामदेवांनी त्यांच्या अस्थी पंढरपुरात आणून महाद्वारापाशी समाधी बांधली, असे परंपरा सांगते. म्हणजे मृत्यूनंतर चोखोबा दारापर्यंत पोहोचले. आत जाण्याचा हक्क त्यांच्या समाजाला पुढची सहाशे वर्षे मिळाला नाही.

दिंडीत सोबत चालणारे, तोच अभंग म्हणणारे वारकरी मंदिरापाशी येऊन वेगळे होत. वाळवंटातल्या समतेची हद्द महाद्वाराशी संपत होती. मंदिराचा कारभार आणि पूजेचे वंशपरंपरागत हक्क विठ्ठलाकडे बडवे आणि रुक्मिणीकडे उत्पात या घराण्यांकडे होते. परंपरा मोडण्याचा अधिकार आपल्याला नाही, असे मंदिर बंद ठेवणाऱ्यांचे म्हणणे होते.

देशात इतरत्र या प्रश्नावर लढे झाले होते. केरळात वायकोम इथे १९२४-२५ मध्ये मंदिराभोवतीच्या रस्त्यांसाठी सत्याग्रह झाला. पुण्यात १९२९ मध्ये पर्वतीचा सत्याग्रह झाला. नाशिकला काळाराम मंदिरासाठी डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या नेतृत्वाखाली २ मार्च १९३० पासून दीर्घ लढा चालला. त्रावणकोरच्या महाराजांनी १२ नोव्हेंबर १९३६ रोजी संस्थानातली मंदिरे सर्व हिंदूंना खुली केली. महाराष्ट्राचे आराध्य दैवत मात्र १९४६ उजाडले तरी अनेकांसाठी बंद दाराआडच होते.

कायदा असताना उपोषणाची गरज का पडली?

हा मुद्दा समजून घेण्यासारखा आहे. मुंबई प्रांतात १९३८ मध्येच मंदिरप्रवेशाविषयी एक कायदा झाला होता. पण तो परवानगी देणारा होता, सक्ती करणारा नव्हता. विश्वस्तांची इच्छा असेल तर त्यांनी मंदिर अस्पृश्यांसाठी खुले असल्याचे जाहीर करावे आणि मग कोर्टाचा किंवा रूढीचा अडथळा येऊ नये, एवढीच सोय त्यात होती. विश्वस्तांनी नकार दिला तर भाविकांच्या हातात काहीच नव्हते. दुसऱ्या शब्दांत सांगायचे तर प्रवेश हा हक्क नव्हता. तो दार सांभाळणाऱ्यांच्या मर्जीचा भाग होता.

पंढरपुरात ती मर्जी नव्हती. सरकार नवा, कडक कायदा करील अशी चिन्हे १९४६-४७ मध्ये दिसत होती. तेव्हा थोडे थांबावे, असा अनेकांचा सल्ला होता. गुरुजींना ते पटत नव्हते. कायद्याने दार उघडले आणि आत उभ्या असलेल्या माणसाच्या मनातली अढी तशीच राहिली, तर प्रवेश करणाऱ्याला पोलिसांच्या पहाऱ्यात देवासमोर उभे राहावे लागेल, अशी त्यांची भीती होती. कायदा हवाच, पण त्याआधी समाजाने आपणहून पुढे यावे, असा त्यांचा आग्रह होता.

उपोषणाआधीच्या सहा महिन्यांत काय घडले?

१९४६ च्या कार्तिकी एकादशीच्या सुमारास गुरुजींनी प्राणांतिक उपोषणाचा विचार जाहीर केला. सेनापती बापट आणि इतर सहकाऱ्यांनी त्यांना थांबवले. लोकांना आधी हा प्रश्न समजावून सांगा, त्यांना विचार करायला वेळ द्या, असे त्यांचे म्हणणे होते. गुरुजींनी ते मानले आणि सहा महिन्यांची मुदत दिली.

मग सुरू झाला महाराष्ट्राचा दौरा. राष्ट्र सेवा दलाचे तरुण गाणी, पोवाडे घेऊन सोबत होते. गावात सभा व्हायची, गुरुजी बोलायचे आणि बोलताना अनेकदा त्यांचे डोळे भरून यायचे. सभेनंतर गावातल्या लोकांना विचारले जायचे की तुमच्या गावचे देऊळ, तुमची विहीर सर्वांना खुली आहे का? अनेक गावांनी त्याच वेळी देवळे आणि पाणवठे खुले केल्याचे जाहीर केले. विठ्ठल मंदिर खुले व्हावे म्हणून सह्या गोळा झाल्या.

विरोधही तितकाच होता. काही ठिकाणी सभा उधळण्याचे प्रयत्न झाले. धर्म बुडवायला निघालेला माणूस, अशी टीका झाली. दुसऱ्या बाजूने, स्वातंत्र्याच्या तोंडावर हा वाद कशाला उकरून काढता, असेही विचारले गेले.

या दौऱ्याचे महत्त्व नंतर लक्षात आले. पंढरपुरात दार उघडण्याआधी शेकडो मैल दूरच्या गावांमध्ये हा प्रश्न चावडीवर, पारावर बोलला गेला होता. उपोषणाला बसलेल्या माणसामागे या गावांची संमती उभी होती.

१ ते १० मे १९४७ : पंढरपुरात काय झाले?

पंढरपुरात उपोषणासाठी जागा मिळणेही सोपे नव्हते. तनपुरे महाराजांनी आपल्या मठात गुरुजींना जागा दिली. त्या काळात असा निर्णय घेणाऱ्या महाराजांनाही रोष पत्करावा लागणार होता. वारकरी परंपरेतलाच एक मठ या मागणीच्या पाठीशी उभा राहिला, ही गोष्ट म्हणून लहान नव्हती.

१ मे रोजी उपोषण सुरू झाले. सोलापूर जिल्ह्यातला मे महिना म्हणजे अंगाची लाही करणारे ऊन. ४७ वर्षांच्या गुरुजींची प्रकृती आधीच नाजूक होती. एकीकडे प्रार्थना, कीर्तन आणि पाठिंबा द्यायला येणाऱ्यांची रीघ. दुसरीकडे, साने यांनी आल्या वाटेने भीमेपलीकडे परत जावे अशा घोषणा देणारे मोर्चे. दोन्ही बाजूंच्या तोंडी नाव विठ्ठलाचेच होते.

सगळ्यात कठीण प्रसंग महात्मा गांधींच्या बाजूने आला. कायदा होऊ घातला असताना उपोषण योग्य नाही, ते सोडावे, असा निरोप गांधीजींकडून आला. गुरुजींनी ज्यांना आयुष्यभर आदर्श मानले त्यांचाच हा सल्ला होता. गांधीजींपर्यंत परिस्थिती पूर्णपणे पोहोचलेली नाही, असे गुरुजींना वाटले. त्यांनी नम्रपणे पण ठामपणे उपोषण चालू ठेवले.

पुढे लोकसभेचे पहिले अध्यक्ष झालेले ग. वा. मावळणकर मध्यस्थीसाठी पंढरपुरात आले. बडवे मंडळींशी बोलणी झाली. अखेर मंदिर सर्वांना खुले करण्यास संमती मिळाली आणि १० मे रोजी गुरुजींनी उपोषण सोडले. त्याच वर्षी मुंबई सरकारने मंदिरप्रवेशाचा नवा कायदा केला. १९३८ च्या कायद्यात जी मर्जी होती तिचे इथे हक्कात रूपांतर झाले. इतर हिंदूंना खुल्या असलेल्या मंदिरात जाण्यास कुणाला अडवणे हा आता गुन्हा ठरला.

डॉ. आंबेडकरांची भूमिका वेगळी का होती?

या कहाणीची ही बाजू सांगितल्याशिवाय ती पुरी होत नाही. ज्यांच्यासाठी दार उघडायचे होते त्या समाजाचे सर्वांत मोठे नेते मंदिरप्रवेशाच्या मार्गापासून बरेच आधी दूर झाले होते.

काळारामच्या सत्याग्रहात लोकांनी मार खाल्ला, काहींची रोजीरोटी गेली. दार उघडले नाही. १९३३ मध्ये मंदिरप्रवेशाच्या विधेयकावर चर्चा सुरू असतानाच बाबासाहेबांनी आपले मत स्पष्ट केले होते. ज्या धर्मव्यवस्थेत माणसाला जन्माने खालचे ठरवले जाते, ती तशीच ठेवून देवळाचे दार उघडण्याला फारसा अर्थ नाही. शिक्षण, नोकरी, जमीन आणि सत्तेतला वाटा मिळाला तर दारे आपोआप उघडतील, असे त्यांचे म्हणणे होते. १३ ऑक्टोबर १९३५ रोजी येवल्यात त्यांनी हिंदू म्हणून मरणार नाही, अशी घोषणा केली.

सोलापूर जिल्ह्याला हा विचार नवा नव्हता. १९३७ च्या डिसेंबरअखेरीस बाबासाहेब पंढरपुरात जिल्ह्याच्या दलित परिषदेला आले होते. पाठोपाठ जानेवारी १९३८ मध्ये सोलापूर नगरपालिकेने त्यांना मानपत्र दिले. म्हणजे गुरुजी उपोषणाला बसले त्याच्या दहा वर्षे आधी, त्याच गावात, मंदिराच्या पलीकडच्या हक्कांची भाषा बोलली गेली होती.

मग गुरुजींचे उपोषण व्यर्थ होते का? याचे उत्तर ते कुणासाठी होते यावर अवलंबून आहे. बाबासाहेबांचा लढा पीडितांना उभे करण्याचा होता. गुरुजींचे उपोषण मुख्यतः सवर्ण समाजाला उद्देशून होते. आपण काय करतो आहोत ते पाहा, हे सांगणारे. अन्याय करणाऱ्या समाजात जन्मलेल्या माणसाने त्या समाजाच्या दारात बसून प्रायश्चित्त मागावे, असे त्याचे स्वरूप होते. त्याची मर्यादाही इथेच आहे. सवर्णांच्या हृदयपरिवर्तनाची वाट पाहण्यात किती पिढ्या घालवायच्या, हा आंबेडकरी चळवळीचा प्रश्न त्या वेळी रास्त होता आणि आजही आहे.

अमेरिकेच्या लढ्याशी साम्य कुठे?

अमेरिकेत गुलामगिरी १८६५ मध्ये संपली. पण दक्षिणेकडच्या राज्यांत कृष्णवर्णीयांसाठी शाळा, बस, उपाहारगृहे, पाण्याचे नळ वेगळे ठेवणारे कायदे पुढची अनेक दशके चालू होते. १ डिसेंबर १९५५ रोजी मॉन्टगोमेरी शहरात रोझा पार्क्स यांनी बसमधली जागा गोऱ्या प्रवाशासाठी सोडण्यास नकार दिला आणि त्यांना अटक झाली. तिथल्या कृष्णवर्णीयांनी ३८१ दिवस बसवर बहिष्कार टाकला. त्यातून मार्टिन ल्यूथर किंग हे नेतृत्व पुढे आले. १९५९ मध्ये किंग भारतात आले होते.

या लढ्याचा एक धागा महाराष्ट्रातून जातो. जेम्स लॉसन हे तरुण कृष्णवर्णीय धर्मप्रचारक १९५३ ते १९५६ या काळात नागपूरच्या हिस्लॉप कॉलेजात होते. मॉन्टगोमेरीच्या बहिष्काराची बातमी त्यांनी नागपूरच्या वर्तमानपत्रात वाचली. गांधीजींच्या सत्याग्रहाचा अभ्यास करून ते मायदेशी परतले आणि नॅशव्हिल शहरातल्या विद्यार्थ्यांना त्यांनी अहिंसक प्रतिकाराचे प्रशिक्षण दिले. शिव्या, मारहाण, अंगावर ओतले जाणारे पेय हे सारे सहन करत हे विद्यार्थी १९६० मध्ये गोऱ्यांसाठी राखीव उपाहारगृहांत जाऊन बसत. १० मे १९६० रोजी शहरातल्या दुकानांनी आपली उपाहारगृहे सर्वांना खुली केली. पंढरपूरचे उपोषण सुटल्याला त्या दिवशी बरोबर १३ वर्षे झाली होती. हा निव्वळ योगायोग. पण दोन्ही ठिकाणी मागणी एकच होती, दारातून आत जाऊ देण्याची.

त्याच वर्षी ऑगस्टमध्ये अटलांटात कृष्णवर्णीय विद्यार्थी गोऱ्यांच्या चर्चमध्ये प्रार्थनेला जाऊ लागले. काही चर्चनी त्यांना आत घेतले, काहींनी दारातच अडवले. तोच येशू आणि तीच प्रार्थना, तरीही बसण्याची जागा वेगळी. चोखोबांच्या समाधीपाशी थांबलेल्या वारकऱ्याला हे चित्र ओळखीचे वाटले असते.

आणि फरक कुठे?

एक मोठा फरक कायद्याचा आहे. २ जुलै १९६४ रोजी अमेरिकेत नागरी हक्क कायदा झाला आणि हॉटेल, उपाहारगृह, नाट्यगृह अशा ठिकाणी वर्णावरून प्रवेश नाकारणे बेकायदा ठरले. चर्च मात्र त्या तरतुदीच्या कक्षेत आले नाही. तिथे धार्मिक संस्था राज्यसत्तेपासून दूर ठेवल्या जातात. भारताने उलट वाट धरली. २६ जानेवारी १९५० रोजी लागू झालेल्या राज्यघटनेच्या १७ व्या कलमाने अस्पृश्यता नष्ट केली. २५ व्या कलमाने सार्वजनिक स्वरूपाच्या हिंदू धार्मिक संस्था सर्व वर्गांतल्या हिंदूंना खुल्या करण्याचा अधिकार सरकारला दिला. ज्या सभेने हे लिहिले तिच्या मसुदा समितीचे अध्यक्ष डॉ. आंबेडकर होते. मंदिराच्या दारात अर्ज करण्याचा मार्ग त्यांनी सोडला होता. पण ते दार कायद्याने बंद करता येणार नाही, याची तजवीज याच घटनेने केली.

दुसरा फरक नेतृत्वाचा. किंग आणि लॉसन स्वतः अन्याय सोसणाऱ्या समाजातले होते. गुरुजी दाराच्या आतल्या बाजूच्या समाजातले होते. म्हणून महाराष्ट्रात नागरी हक्कांचा लढा शोधायचा तर महाडचे तळे आणि काळारामची रथयात्रा आधी येते, पंढरपूर नंतर. अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरवरून नाव घेतलेली दलित पँथर १९७२ मध्ये मुंबईत उभी राहिली, तीही याच पहिल्या धारेतली.

उपोषणानंतर गुरुजींचे काय झाले?

स्वातंत्र्यानंतरची त्यांची तीन वर्षे समाधानाची नव्हती. फाळणीच्या दंगली आणि पाठोपाठ ३० जानेवारी १९४८ रोजी गांधीजींची हत्या, यांनी ते खचले. हत्येनंतर त्यांनी प्रायश्चित्त म्हणून २१ दिवसांचे उपोषण केले. १५ ऑगस्ट १९४८ रोजी त्यांनी ‘साधना’ साप्ताहिक सुरू केले. भारतातल्या वेगवेगळ्या भाषांच्या लोकांनी एकमेकांचे साहित्य वाचावे, एकमेकांच्या घरी राहून भाषा शिकाव्यात, यासाठी ‘आंतरभारती’ची कल्पना मांडली. समाजवादी चळवळीत ते वावरले. गावोगावच्या मुलांना पत्रे लिहिणे चालूच होते.

मनातली उदासी मात्र वाढत गेली. ११ जून १९५० रोजी त्यांनी स्वतःच आपले जीवन संपवले. तेव्हा ते पन्नास वर्षांचे होते. घटना लागू होऊन जेमतेम साडेचार महिने झाले होते. आचार्य अत्रे यांनी ‘श्यामची आई’वर काढलेल्या चित्रपटाला पुढे राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक मिळाले. पुस्तकातला हळवा श्याम घराघरात पोहोचला. पंढरपुरात ठाण मांडून बसलेले आणि गांधीजींचेही न ऐकणारे गुरुजी त्यामागे थोडे झाकले गेले.

पंढरपूरचे दार पुढे किती उघडले?

१९४७ मध्ये भाविकांसाठी दार उघडले. गाभाऱ्यातली व्यवस्था जुनीच राहिली. १९७३ च्या पंढरपूर मंदिर कायद्याने बडवे, उत्पात आदींचे वंशपरंपरागत हक्क रद्द केले. त्याविरुद्ध कोर्टात दीर्घ लढाई चालली. जानेवारी २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या निर्णयाने तिचा शेवट झाला आणि त्या वर्षी मंदिर समितीने जन्मावर आधारलेली अट बाजूला ठेवून पुजारी नेमण्याची प्रक्रिया सुरू केली. पायरीपासून गाभाऱ्यापर्यंतचे हे अंतर कापायला ६७ वर्षे लागली.

राज्यातल्या प्रत्येक गावात हे अंतर संपले असे म्हणता येत नाही. सार्वजनिक विहीर, स्मशानभूमी, लग्नाची वरात यावरून होणारे वाद आजही पोलीस ठाण्यापर्यंत जातात. त्या वेळी कायदा लागतो, आणि १९३८ सारखा मर्जीवर चालणारा कायदा पुरत नाही, हा पंढरपूरचा पहिला धडा आहे. दुसरा धडा त्या सहा महिन्यांच्या दौऱ्याचा. गावात जाऊन, पारावर बसून, तुमची विहीर सर्वांना खुली आहे का, हे विचारणारे कुणीतरी लागते.

गुरुजींनी आपल्या आईकडून मोळी उचलून द्यायला शिकले होते. नंतरची आंघोळ त्यांनी सोडून दिली. पंढरपुरात ते हेच मागत होते, आणि आज नामदेव पायरी ओलांडताना चोखोबांच्या समाधीपाशी कुणालाही थांबावे लागत नाही.